नलिनी मलानी : सीमेच्या मधल्या माणसांची व्हिडिओ कलाकार

सिल्वासा : भारतात प्रायोगिक फिल्म आणि व्हिडिओ आर्टची सुरुवात कुणी केली, असं विचारलं तर पहिल्या काही नावांत नलिनी मलानी यांचं नाव येतं. २०२३ साली त्यांना जपानचा क्योटो पुरस्कार मिळाला. त्यांच्या कामाचा गाभा मात्र आपल्याकडच्या वाचकाला चांगलाच ओळखीचा आहे : सीमा.

जन्म आणि शिक्षण
जन्म १९४६, कराची. फाळणीत कुटुंबाला घरदार सोडून कोलकात्याला यावं लागलं, पुढे मुंबईला. १९६४ ते १९६९ त्या मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकल्या.

सुरुवातीच्या फिल्म
चित्रकार अकबर पदमसी यांनी १९६९ मध्ये मुंबईत सुरू केलेल्या कार्यशाळेत कॅमेरा त्यांच्या हाती आला. 'ड्रीम हाउसेस' या छोट्या फिल्ममध्ये घरांचं मॉडेल रंगीत प्रकाशात दिसतं. नव्या भारताचं ते स्वप्न. पुढे १९७६ मध्ये त्याच्या शेजारी त्यांनी एक कृष्णधवल फिल्म ठेवली : एक तरुणी उंचावरून झोपडपट्टीकडे पाहते आहे. दोन्ही मिळून झालं 'युटोपिया'. स्वप्न एका पडद्यावर, हिशोब दुसऱ्यावर.

'रिमेम्बरिंग टोबा टेक सिंग'
१९९८ च्या पोखरण अणुचाचण्यांनंतरचं हे काम. आधार सआदत हसन मंटो यांच्या कथेचा. फाळणीनंतर वेड्यांचीही अदलाबदल होते. बिशन सिंग दोन्ही देशांच्या मधल्या, कुणाच्याच नसलेल्या जमिनीवर कोसळतो.
हे काम खुर्चीत बसून पाहायचं नाही, खोलीत शिरून पाहायचं. भिंतींवर मोठी दृश्यं, खाली पत्र्याच्या ट्रंकांत टीव्ही. निर्वासितांच्या सामानात असायची तसलीच ट्रंक. समोरासमोरच्या भिंतींवर दोन बायका एकच साडी घडी घालू पाहतात. मध्ये उभा असतो प्रेक्षक. घडी काही जमत नाही.

बाईचं शरीर आणि हिंसा
२००५ च्या 'मदर इंडिया'त पाच पडदे आहेत. फाळणी आणि २००२ च्या गुजरात दंगलीत बायकांवर झालेले अत्याचार हा विषय. देशाला आई म्हणायचं आणि सूड मात्र बाईच्या अंगावर काढायचा, या दुटप्पीपणावर त्या बोट ठेवतात.

आपल्याशी संबंध काय?
दादरा आणि नगर हवेली हे दोन वेगळे तुकडे, मध्ये गुजरात. नगर हवेलीच्या पोटात पुन्हा गुजरातचं मघवाल. दक्षिणेला महाराष्ट्र. फाळणीच्या दुःखाशी याची बरोबरी होऊच शकत नाही. पण नातेवाईक एका हद्दीत, कामधंदा दुसऱ्या आणि शाळेची भाषा तिसरीच, हे इथल्या घराघरांत आहे. रेषा कागदावर आखणारे निघून जातात. रोज ती ओलांडणाऱ्याला कुणी विचारत नाही. मलानी यांचा कॅमेरा पन्नासेक वर्षं त्याच माणसाकडे वळलेला आहे.