कचारगडाच्या वाटेवर आठवलेले अरब

माघ पौर्णिमेला आम्ही सालेकसा तालुक्यातील कचारगडावर गेलो. पारी कुपार लिंगो आणि जंगो रायताड यांच्या श्रद्धेने दूरदूरचे गोंड बांधव त्या गुहेपाशी येतात. त्यांनी आपला इतिहास डोंगरात जपला. आपण आपला कुठे ठेवला, हा प्रश्न चढण चढताना आम्हाला पडला. कारण एकेकाळी याच गोंडवनात गोंड आणि मुसलमान शिपाई एका बाजूने लढले होते.

ती लढाई कचारगडावर झाली नाही. तिची सुरुवात नागपुरात झाली. २६ आणि २७ नोव्हेंबर १८१७ रोजी सीताबर्डीवर भोसल्यांचा पराभव झाला. डिसेंबरात अप्पासाहेब इंग्रजांच्या स्वाधीन झाले, पण त्यांच्या पदरच्या अरबांनी शहर सोडले नाही. २४ डिसेंबरला जुम्मा दरवाजावरचा इंग्रजांचा हल्ला त्यांनी परतवला. अखेर तह झाला आणि ते बायकामुलांसह बाहेर पडले. चाकरी गेली, घर गेले. उरली फक्त हातातली बंदूक.

मे १८१८ मध्ये अप्पासाहेब जबलपूरजवळ इंग्रजांच्या कैदेतून निसटले आणि महादेवाच्या डोंगरात गेले. गोंड सरदारांनी त्यांना आसरा दिला. विखुरलेले अरब तिथे जमू लागले. पुढे चितू पेंढारीही येऊन मिळाला. जुलैत या अरबांनी आणि गोंडांनी बैतुलकडून आलेली कॅप्टन स्पार्क्सची तुकडी कापून काढली. त्याच वर्षी आजच्या गोंदिया जिल्ह्यातील कामठ्याचे जमीनदार चिमणा पटेल यांनीही बंड केले.

हे बंड टिकले नाही. एप्रिल १८१९ मध्ये असीरगड पडला. चितूला जंगलात वाघाने मारले. अप्पासाहेब भटकत भटकत जोधपूरला पोचले आणि १८४० साली तिथेच वारले. अरबांची नावे मात्र कुणी लिहून ठेवली नाहीत.

आम्हाला कुणाचा उदोउदो करायचा नाही. पेंढाऱ्यांनी रयतेला लुटले. १८११ साली त्यांची धाड नागपूरपर्यंत आली होती. त्या लुटीत हिंदू भरडला तसा मुसलमानही भरडला. अरबही पगारी शिपाई होते, त्यांना हुतात्मे म्हणण्याचे कारण नाही. पण ज्यांचा पगार बंद झाला आणि ज्यांचा राजा परागंदा झाला, ते पुन्हा त्याच राजाकडे जंगलात का गेले? पोटासाठी म्हणावे, तर तिथे खजिना नव्हता. धर्मासाठी म्हणावे, तर राजा हिंदू होता आणि आसरा देणारे गोंड. मग खाल्ल्या मिठाची जाण आणि परतीची वाट नसणे, एवढीच कारणे उरतात. माणूस बंडखोर होतो तो बहुधा असाच.

‘तुम्ही बाहेरचे’ असे आजही ऐकवले जाते, तेव्हा आपण चिडतो किंवा गप्प बसतो. त्यापेक्षा ही हकिकत मुलांना सांगावी, तीही लुटीसकट आणि निष्ठेसकट. गोंड बांधव दरवर्षी गड चढून आपली आठवण ताजी करतात. आपल्याला निदान घरात बसून एवढे तरी करता येईल.