फर्मान आणि घटना

आपले अणदूर पूर्वी निजामाच्या मुलखात होते. तेथे हुजुरांचे फर्मान हाच कायदा. परंतु हुजुरांवरही हुजूर होतेच. वऱ्हाड परत मागणाऱ्या निजामाला व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंग यांनी १९२६ साली बजावले की, हिंदुस्थानात ब्रिटिश राजसत्ताच सर्वश्रेष्ठ आहे. १९४७ च्या कायद्याने ते अधिराज्य संपले, तेव्हा निजाम स्वतःस स्वतंत्र म्हणवू लागला. या साऱ्या हिशेबात रयत कोठेच नव्हती. १३ सप्टेंबर १९४८ रोजी सोलापूरकडून भारतीय फौजा नळदुर्गावर आल्या. पुढे २३ नोव्हेंबर १९४९ रोजी निजामाने फर्मान काढूनच भारताची राज्यघटना स्वीकारली. कामगार चळवळीचा अनुभव असा की, मालकाच्या मर्जीची सवलत मर्जी फिरताच जाते; करारातला हक्क मात्र भांडून मागता येतो. फर्मान आणि घटना यांत हाच फरक आहे.