आशा पुथली यांचा पहिला अल्बम (१९७३) : जॅझ, उसनी गीते आणि स्वामित्वाचा प्रश्न

जॅझ गायिकेने लोकप्रिय गीतांचा अल्बम काढला की त्यास व्यावसायिक तडजोड मानण्याकडे समीक्षेचा कल असतो. मुंबईत १९४५ साली जन्मलेल्या आशा पुथली यांच्या १९७३ च्या अल्बमबाबतही असा निष्कर्ष काढणे सोपे आहे. मात्र तो तपासून पाहणे अगत्याचे ठरते.

त्यांच्या मुंबईला जॅझ परका नव्हता. १९३५ मध्ये लिऑन अ‍ॅबी यांचा कृष्णवर्णीय वाद्यवृंद ताजमहाल हॉटेलात वाजवीत होता. पुढे चिक चॉकलेट यांच्यासारख्या गोमंतकीय वादकांनी हे संगीत आत्मसात केले आणि सी. रामचंद्र यांच्या 'अलबेला' (१९५१) मधून ते जॅझचे नावही न ऐकलेल्या मराठी श्रोत्यांपर्यंत पोहोचले. हिंदुस्थानी रागसंगीत व पाश्चात्त्य ऑपेरा या दोहोंचे शिक्षण घेतलेल्या पुथली यांच्या जॅझगायनाची दखल वेद मेहता यांनी 'पोर्ट्रेट ऑफ इंडिया' (१९७०) या ग्रंथात घेतली. अमेरिकेत गेल्यावर ऑर्नेट कोलमन यांच्या 'सायन्स फिक्शन' या अल्बममधील दोन गीते त्यांनी १९७१ मध्ये गायिली. ठरावीक स्वरसंगतीचा आधार नाकारणाऱ्या त्या संगीतात गळ्याची कसोटीच लागते.

त्यानंतर सीबीएस कंपनीसाठी, डेल न्यूमन यांच्या निर्मितीत, पहिला स्वतंत्र अल्बम झाला. त्यात सोल गायक बिल विदर्स यांचे 'लेट मी इन युवर लाइफ', जे. जे. केल यांचे 'राइट डाउन हिअर' आणि जॉर्ज हॅरिसन यांचे 'आय डिग लव्ह' अशी इतरांची गीते होती. 'आय डिग लव्ह' मध्ये श्वास व कुजबुज यांनाही स्वरांइतकेच स्थान मिळाले आहे. मूळ गीत ओळखू येते, परंतु त्याचा भाव पालटतो.

येथे मराठी रंगभूमीचे उदाहरण उद्बोधक आहे. किर्लोस्करांनी 'शाकुंतल' (१८८०) व 'सौभद्र' (१८८२) यांतील पदांसाठी प्रचलित चाली घेतल्या. 'स्वयंवर' (१९१६) साठी भास्करबुवा बखले यांनी रागदारी बंदिशींचा आधार घेतला. त्याबद्दल त्यांना कोणी अनुकरणकार म्हटले नाही. ख्यालगायनात तर एकच बंदिश अनेक गायक गातात. बंदिशीचा कर्ता पुष्कळदा विस्मरणात जातो, गायकी मात्र नावानिशी ओळखली जाते. पुथली यांचे गायन या संस्कारातून आले, असे सिद्ध करता येणार नाही. तथापि त्यांच्या अल्बमला लावावयाचा निकष कोणता, हे या तुलनेतून ध्यानात येते. जॅझचीही परंपरा निराळी नाही. ब्रॉडवेवरील गीते वाजवीतच ती वाढली.

अर्थात या साम्यालाही मर्यादा आहे. नाटकमंडळीचा प्रेक्षक मूळ चालीशी परिचित होता आणि त्या परिचयातच निम्मा आनंद होता. ध्वनिमुद्रण कंपनीपुढे युरोपीय बाजारपेठ होती व तिला नव्या गायिकेसाठी ओळखीची गीते सोयीची होती. तडजोड असलीच तर ती निवडीत शोधावी, गाण्यात नव्हे.

मराठी संगीतेतिहासात या गायिकेचा उल्लेख क्वचितच आढळतो. त्यांनी इंग्रजीत गायिले, परदेशात गायिले, ही त्याची कारणे असावीत. परंतु मग मुंबईतील ज्या संगीतव्यवहारातून त्या घडल्या, त्याची नोंद कोणत्या इतिहासात करावयाची? त्यांच्या 'द डेव्हिल इज लूज' (१९७६) मधील 'स्पेस टॉक' चा अंश १९९७ मध्ये नोटोरियस बी.आय.जी. यांच्या रॅप गीतात वापरला गेला. इतरांची गीते गाणाऱ्या गायिकेचा आवाज आता इतरांच्या गीतांचा कच्चा माल झाला होता.