लोकरीच्या गिरणीतून बाळाच्या न्हाणीत : सौम्य वडीची कुळकथा

तान्ह्या मुलांच्या नाजूक त्वचेसाठी म्हणून औषधांच्या दुकानात ज्या वड्या मिळतात, त्यांतील अनेक वड्या रसायनशास्त्राच्या व्याख्येने साबण नसतात. त्यांच्या वेष्टनावर बारीक अक्षरांत ‘सोडियम कोकॉइल आयसेथिओनेट’ हे नाव छापलेले असते आणि अशा साबणविरहित वडीला त्वचारोगतज्ज्ञ ‘सिंडेट’, म्हणजे संश्लेषित प्रक्षालक, म्हणतात. या द्रव्याच्या जन्माशी बालरोगतज्ज्ञांचा संबंध नाही. ते लोकर धुणाऱ्या आणि कापड रंगवणाऱ्या गिरण्यांसाठी घडवले गेले. आणि गिरणीने ज्या उणिवेमुळे त्याला मागे सारले, तीच उणीव पुढे बाळाच्या अंगावर त्याचा सर्वांत मोठा गुण ठरली.

साबणाचा स्वतःचा इतिहास सर्वपरिचित आहे. तेल किंवा चरबी आणि क्षार यांच्या संयोगातून तो बनतो, भूमध्य समुद्राभोवतीच्या प्रदेशात त्याचा धंदा वाढला आणि 1823 साली शेवरल या फ्रेंच रसायनज्ञाने त्याची घडण उलगडून दाखवली. या कुळकथेच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे तो साबणाच्या रेणूचा एक टोकाचा भाग. या रेणूची लांब शेपटी तेलाला धरते आणि डोके पाण्यात राहते. या डोक्याला ‘कार्बॉक्सिल गट’ म्हणतात. पाण्यात कॅल्शियम किंवा मॅग्नेशियम असले की ते या डोक्याला चिकटते, न विरघळणारा चिकट साका तयार होतो आणि फेस येईनासा होतो. शालेय पुस्तकांत अशा पाण्याला दुष्फेन पाणी म्हटले आहे, घराघरांत त्याला जड पाणी म्हणतात आणि ज्यांच्याकडे बोअरचे पाणी येते त्यांना त्याची ओळख करून द्यावी लागत नाही.

घरच्या धुण्यात हा साका त्रासदायक असला तरी रंगाऱ्याच्या कुंडात तो घातक होता, कारण धाग्यावर साका बसला की रंग एकसारखा चढत नाही आणि सबंध थान डागाळते. साबणाला पर्याय शोधण्याची निकड म्हणून प्रथम रंगाऱ्यांनाच भासली. एकोणिसाव्या शतकाच्या आठव्या दशकात मंजिष्ठेच्या वर्गातील लाल रंग सुती कापडावर पक्का बसवण्यासाठी गंधकाम्लाने प्रक्रिया केलेले एरंडेल वापरात आले आणि त्याला ‘टर्की रेड ऑइल’ हे नाव पडले. एरंडेलाच्या रेणूत शेपटीच्या मध्यावर ऑक्सिजनयुक्त गट असतो, जो इतर सामान्य तेलांत नसतो. गंधकाम्लाचा अंश तिथे जोडला गेला आणि जड पाण्याला साबणापेक्षा कमी दाद देणारे द्रव्य मिळाले. कार्बॉक्सिल गट मात्र जिथल्या तिथे राहिला, त्यामुळे हा विजय अर्धाच होता. तरीही आजच्या सिंडेट वडीचे मूळपुरुषपद कोणाला द्यायचे असेल, तर ते या एरंडेलालाच द्यावे लागेल.

पहिल्या महायुद्धात जर्मनीत चरबीचा तुटवडा पडला आणि 1917च्या सुमारास डांबरापासून मिळणाऱ्या नॅप्थलिनमधून ‘नेकाल’ हे द्रव्य निघाले, जे कापड भिजवण्यात तरबेज होते, पण मळ काढण्यात कमी पडत होते. खरी कलाटणी 1930च्या आगेमागे मिळाली. केम्निट्स या कापडगिरण्यांच्या शहरात हाइनरिश बेर्ट्श याने कार्बॉक्सिल गट मुळातून काढून टाकण्याची वाट धरली. मेदाम्लाचे अल्कोहोल करून त्याला गंधकाम्ल जोडले आणि 1932 साली लोकर आणि रेशीम धुण्यासाठी ‘फेवा’ ही भुकटी बाजारात आली. आय. जी. फारबेन या कंपनीतील डाइमलर आणि प्लाट्झ या रसायनज्ञांनी दुसरी वाट निवडली. त्यांनी कार्बॉक्सिल गट ठेवला, पण आयसेथिओनिक आम्ल नावाचा एक आखूड, गंधकयुक्त रेणू त्याच्याशी बांधून त्याचे तोंड बंद केले. या बंधाला रसायनशास्त्रात ‘एस्टर’ म्हणतात. त्यांच्या द्रव्याचे व्यापारी नाव ‘इगेपॉन ए’, आणि त्याच्या अमेरिकी पेटंटावर 1932 हे साल आहे.

पाठोपाठ ‘इगेपॉन टी’ आले. त्यात आयसेथिओनिक आम्लाऐवजी टॉरिनचा मिथिल गट जोडलेला भाऊबंद वापरला होता आणि बंध एस्टरचा नसून ‘अमाइड’ जातीचा होता. टॉरिन या द्रव्याचा शोध 1827 साली टीडेमान आणि ग्मेलिन यांना बैलाच्या पित्तात लागला आणि ‘टॉरस’ या लॅटिन वृषभवाचक शब्दावरून त्याचे नाव पडले. यकृतात पित्ताम्ले तयार होतात, तेव्हा त्यांच्याही टोकाला कार्बॉक्सिल गट असतो, आणि शरीर टॉरिन जोडून त्या गटाचे तोंड अमाइड बंधानेच बंद करते; त्यामुळे आतड्यातील कॅल्शियममुळे पित्ताचा साका होत नाही. जर्मन रसायनज्ञांनी गिरणीसाठी योजलेली युक्ती आणि यकृत अनादिकालापासून वापरत असलेली युक्ती यांत तत्त्वाचा फरक नाही. युरोपात लोकरीच्या कापडावरील डाग काढायला बैलाचे पित्त वापरण्याची जुनी चाल होती आणि पित्त घातलेला साबण जर्मन घरांत नेहमीचा होता. टॉरिनची निवड निव्वळ योगायोगाने झाली असे मानण्यापेक्षा या जुन्या चालीची छाया तिच्यावर पडली असे मानणे अधिक सयुक्तिक दिसते.

या अनुमानावर एक वजनदार आक्षेप येतो. पित्तक्षार त्वचेला मुळीच सौम्य नसतात; उलट लंगोटाखाली बाळाची त्वचा लाल होते तेव्हा मलातील पित्तक्षार तिथल्या विकरांना चेतवून दाह वाढवतात, हे सिद्ध झाले आहे. आक्षेप खरा आहे, पण तो सौम्यतेपुरता. पित्ताकडून उसनी घेतलेली गोष्ट म्हणजे कॅल्शियमला चुकवण्याची कला. सौम्यतेचा उगम अन्यत्र शोधावा लागतो. बेर्ट्शच्या शाखेतूनही हेच दिसते. त्या शाखेतील सोडियम लॉरिल सल्फेट जड पाण्यातही उत्तम फेस देते, पण केराटिन या त्वचेतील प्रथिनाला इतके घट्ट धरते की त्वचारोगशास्त्रात कृत्रिम दाह निर्माण करून अभ्यासायचा असला की प्रमाण द्रव्य म्हणून तेच निवडले जाते. एकाच गिरणीच्या दारातून निघालेल्या दोन भावंडांपैकी एक दाहाचे मोजमाप झाले आणि दुसरे बाळाच्या न्हाणीत पोहोचले.

दुसऱ्या भावंडाचे भाग्य उजळले ते त्या एस्टर बंधामुळे. एस्टर क्षारात टिकत नाही; गरम आणि क्षारयुक्त पाण्यात तो तुटतो आणि रेणूचे दोन तुकडे होतात. गिरणीतील धुण्याच्या कुंडात सोडा आणि उष्णता दोन्ही असल्याने इगेपॉन ए तिथे फार काळ तग धरू शकले नाही, आणि चिवट अमाइड बंधाचे इगेपॉन टी त्याला वरचढ ठरले. पण जे द्रव्य क्षारात मरते त्याची वडी उदासीन ठेवण्यावाचून गत्यंतर नसते. साबणाचे नेमके उलट आहे. साबणाच्या द्रावणाचा सामू साधारण 9 ते 10 असतो आणि आम्ल घालून तो खाली आणावा तर साबणच फुटून मेदाम्ल वेगळे होते. इगेपॉन ए सामू 7च्या आसपासच सुखाने राहते. ज्या दुबळेपणामुळे गिरणीने त्याला बाजूला केले, त्याच दुबळेपणाने त्याला त्वचेच्या जवळ आणले.

सामूचे महत्त्व तेवढ्यात दुसऱ्याच दालनात उमगले होते. शाडे आणि मार्किओनिनी या जर्मन वैद्यांनी 1928 साली त्वचेच्या वरच्या सौम्य आम्लधर्मी थराला ‘आम्लाचे आवरण’ हे नाव दिले. प्रौढ त्वचेचा सामू 5च्या आसपास असतो. नवजात बाळाची त्वचा जन्मतः उदासीनतेच्या जवळ असते आणि पुढच्या दिवसांत व आठवड्यांत हळूहळू आम्लधर्मी होत जाते. त्वचेचे स्निग्ध अस्तर विणणारी विकरे आम्लात चांगली चालतात, तर पेशींमधले दुवे तोडणारी विकरे सामू वाढला की चेकाळतात. बाळाचा बाह्यथर मुळातच पातळ असतो, म्हणून क्षारधर्मी साबणाने रोज केलेले न्हाणे हे आवरण बसण्याच्या काळातच ते विस्कटते.

सिंडेट वडीच्या जन्माची दुसरी कथा पुष्कळ ठिकाणी सांगितली जाते. दुसऱ्या महायुद्धात भाजलेल्या सैनिकांची त्वचा धुण्यासाठी ती तयार झाली, अशी ती कथा आहे. ही कथा हृद्य आहे, पण कालक्रम तिच्या बाजूने नाही, कारण वडीचा मुख्य रेणू युद्धापूर्वीच पेटंटात आणि कापडाच्या धंद्यात हजर होता. युद्धानंतर मित्रराष्ट्रांच्या पथकांनी जर्मन कारखान्यांतील प्रक्रियांचे अहवाल प्रसिद्ध केले, इगेपॉनची कृती सर्वांना खुली झाली, आणि लीव्हर ब्रदर्स कंपनीने 1957 साली अमेरिकेत ‘डव्ह’ वडी बाजारात आणली. मूळ इगेपॉन एमधील ओलिक आम्लाच्या जागी नारळाच्या तेलातील मेदाम्ले आली, वडीला घट्टपणा यावा म्हणून स्टिअरिक आम्ल मिसळले गेले, आणि त्याचा थोडा अंश त्वचेवर मागे राहू लागला. ती मुलांसाठी म्हणून विकली गेलीच नव्हती. 1979 साली फ्रॉश आणि क्लिगमन यांनी स्वयंसेवकांच्या हातावर साबणांचे द्रावण दिवसेंदिवस ठेवून दाह मोजला, तेव्हा ही वडी सर्वांत सौम्य ठरली, आणि त्यानंतर त्वचारोगतज्ज्ञांनी इसब असलेल्या मुलांसाठी या जातीच्या वड्या सुचवण्याचा मार्ग प्रशस्त झाला.

मराठी घरांत या वंशावळीला एक प्रतिस्पर्धी आहे. तेल चोळून, पाटावर बसून पसरलेल्या पायांवर बाळाला घेऊन, मसुराच्या किंवा हरभऱ्याच्या डाळीचे पीठ दुधात कालवून लावायचे आणि ऊन पाण्याने न्हाऊ घालायचे, ही रीत सौम्य स्नानाची खरी जननी आहे, असे मत मोठ्या आस्थेने मांडले जाते. या मतात तथ्य आहे. पीठ तेल शोषून घेते, हरभऱ्यात फेस देणारी सॅपोनिन द्रव्येही असतात, आणि पिठात साबण नसल्यामुळे जड पाण्यातही त्वचेवर साका बसत नाही. मात्र गुणसाम्य म्हणजे वंशसंबंध नव्हे; डाळीच्या पिठापासून जर्मन गिरणीपर्यंत नेणारा दुवा कुठेही सापडत नाही. शिवाय तडकलेल्या त्वचेवर अन्नातील प्रथिने घासल्यास शरीर त्यांना शत्रू मानू लागते. जपानमध्ये गव्हाचे विघटित प्रथिन घातलेल्या चेहऱ्याच्या साबणामुळे 2,000हून अधिक लोकांना गव्हाची ॲलर्जी जडली होती. निरोगी बाळाला पिठाचे न्हाणे मानवत असले, तरी इसब असलेल्या बाळाला ते टाळलेले बरे.

गिरणीतला जुना वैरी, म्हणजे कॅल्शियम, बाळाच्या त्वचेवरही वैरीच ठरतो काय, हा शेवटचा प्रश्न. 1998 साली नॉटिंगहॅम परिसरातील पाहणीत जड पाण्याच्या भागांत शाळकरी मुलांमध्ये इसब अधिक आढळला. मग 336 मुलांवर केलेल्या आणि 2011 साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीत घरी पाणी मृदू करणारे यंत्र बसवूनही जडलेला इसब कमी झाला नाही, त्यामुळे कॅल्शियमवरचा आरोप सैल झाल्यासारखे वाटले. परंतु 2018 साली डॅन्बी आणि सहकाऱ्यांनी दाखवून दिले की जड पाण्यात धुतल्यास सोडियम लॉरिल सल्फेट त्वचेवर अधिक प्रमाणात चिकटून राहते आणि दाह वाढवते. दोन्ही निष्कर्ष एकत्र ठेवले तर अर्थ लागतो : पाणी बदलून जुना दाह हटत नाही, पण धुण्याचे द्रव्य त्वचेवर किती उरेल, हे पाणी ठरवते. रंगाऱ्याची तक्रारही धाग्यावर काय उरते याविषयीच होती.

म्हणून बाळाच्या वडीची पारख वेष्टनावरच्या गोंडस चित्रावरून न करता घटकांच्या यादीवरून करावी; आयसेथिओनेट किंवा टॉरेट ही नावे तिथे असतील तर तो गिरणीतून आलेला वारसा समजावा. वडीही मांड्यांच्या व मानेच्या घड्यांपुरती वापरावी, अंगाच्या उष्णतेइतक्या कोमट पाण्यात पाच-दहा मिनिटांत न्हाणे आटोपावे, अंग टिपून लगेच स्निग्ध लेप लावावा, आणि जिथे बोअरचे जड पाणी आहे तिथे ते भरपूर ओतून अंगावर काहीही उरू देऊ नये.