तळटीप १४ : मिठू सेन

१४. मिठू सेन (जन्म १९७१) : चित्रकार, सादरीकरण-कलाकार आणि बंगालीत लिहिणाऱ्या कवयित्री. शिक्षण शांतिनिकेतनच्या कलाभवनात, वास्तव्य दिल्लीत. २०१० साली पहिला स्कोडा पुरस्कार. दिल्लीच्या कलाजगतात इंग्रजी न येणाऱ्याला किती दुय्यम वागणूक मिळते, हे त्यांनी सोसले. त्यातूनच कुठल्याही भाषेत न बसणाऱ्या ध्वनींमधून बोलण्याचा त्यांचा मार्ग निघाला. या बोलण्याला व्याकरण नाही, शब्दकोश नाही. पण आवाजातले चढउतार, हातवारे, मधले थांबे सारे शाबूत असतात. त्यामुळे ऐकणारा आपोआप अर्थ लावू लागतो, आणि अर्थातला किती भाग शब्दांबाहेर असतो, ते त्याला उमगते. २०१४ च्या कोची-मुझिरिस बिनालेतील त्यांच्या कृतीसाठी त्या केरळमधील मुलींच्या अनाथालयात ‘मागो’ या व्यक्तिरेखेत वावरल्या आणि तिथल्या मुलींशी याच बोलीतून बोलल्या. प्रेक्षागृहातल्या जाणकारांपेक्षा या मुलींसमोरचा प्रयोग अधिक कसोटीचा होता, असे आम्हाला वाटते. प्रस्तुत लेखात या कामाला ‘तऱ्हेवाईक’ म्हटले आहे. तो शेरा अन्यायकारक आहे.

— संपादक