‘मेरी जेन्स मिसहॅप’

‘मेरी जेन्स मिसहॅप’ हा १९०३ सालचा ब्रिटिश मूकपट जेमतेम चार मिनिटांचा आहे. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील होव्ह गावचे जॉर्ज आल्बर्ट स्मिथ हे त्याचे दिग्दर्शक. मोलकरीण मेरी जेन रंगवली ती त्यांच्या पत्नी लॉरा बेली यांनी. बूट पुसताना तिच्या ओठावर काळी मिशी उमटते, ती प्रेक्षकांकडे पाहून डोळा मिचकावते, मग चूल पेटवायला रॉकेल ओतते आणि स्फोटासरशी धुराड्यातून वर उडते. पुढे तिचे भूत कबरीतून उठून रॉकेलचा डबा शोधते. हे भूत दुहेरी छायाचित्रणाने साधले आहे. दूरदृश्याच्या मध्येच समीपदृश्य जोडण्याची स्मिथ यांची रीत त्या काळी विरळाच होती, आणि बेलींचा खट्याळ मुद्राभिनय आजही टवटवीत वाटतो तो या रीतीमुळेच.