परसातली कोलार्ड, कागदाबाहेरचा इतिहास

१/ १७४० साली अमेरिकेतील साउथ कॅरोलायना वसाहतीने गुलामांना लिहायला शिकवणे दंडनीय ठरवले. ज्यांच्या हाती लेखणी येऊ दिली नाही, त्यांचा इतिहास शोधायचा कुठे? त्याचा एक धागा त्यांच्या झोपड्यांमागच्या परसात, कोलार्ड या पालेभाजीच्या वाफ्यात सापडतो.

२/ कोलार्ड म्हणजे गड्डा न धरणारी कोबी. काश्मीरचे हाक हे तिचे जवळचे नातलग. ही भाजी आफ्रिकेतून आली, असा समज आढळतो. वस्तुतः अमेरिकेत ती युरोपीय वसाहतकारांबरोबर पोहोचली. निरनिराळा पाला शिजवून खाण्याची परंपरा मात्र पश्चिम आफ्रिकेतून आणलेल्या माणसांनी आपल्याबरोबर आणली होती.

३/ मालकाकडून मिळणारा शिधा मुख्यतः मक्याचे पीठ आणि खारवलेले डुकराचे मांस. किनाऱ्यालगतच्या भातमळ्यांवर दिवसाचे काम नेमून दिलेले असे. ते उरकल्यानंतरचा वेळ गुलामांचा. इतरत्र रात्र आणि रविवार तेवढे हाती उरत. त्या तुटपुंज्या वेळात ही परसबाग जगली.

४/ अशा बागेला कोलार्ड साजेशी होती. ती थंडी सोसते. कडाक्याच्या गारठ्यानंतर तिची पाने अधिक गोड लागतात. खालची पाने खुडून शेंडा राखला, की रोप पुन्हा पाने देत राहते. पाने मांसाच्या तुकड्यासह मंद आचेवर शिजवत आणि उरलेले सत्त्वयुक्त पाणी मक्याच्या भाकरीबरोबर घेत.

५/ बियाणे राखणे मात्र कष्टाचे. कोलार्ड सहसा दुसऱ्या वर्षी फुलते. जवळपास कोबी फुललेली असेल, तर कीटकांमुळे संकर होतो. म्हणून प्रत्येक जुन्या वाणामागे कोणाचीतरी वर्षानुवर्षांची राखण असते.

६/ १८६५ साली गुलामगिरी संपली. १९१० ते १९७० या काळात सुमारे ६० लाख कृष्णवर्णीय दक्षिण सोडून शिकागो, डेट्रॉइटसारख्या शहरांत गेले. त्यांच्या स्वयंपाकघरांबरोबर कोलार्डही गेली.

७/ या शतकाच्या आरंभी एडवर्ड डेव्हिस आणि जॉन मॉर्गन या भूगोल-अभ्यासकांनी दक्षिणेतील परसबागा धुंडाळून घरगुती वाण गोळा केले. बियाणे राखणारे कृष्णवर्णीय होते, तसे गोरेही. बहुतेक जण वयोवृद्ध. त्यांच्यामागे वाणही संपण्याची भीती होती.

८/ २०११ साली त्याच साउथ कॅरोलायनाने कोलार्डला राज्याची अधिकृत भाजी घोषित केले. मान भाजीला मिळाला. ती जगवणाऱ्या गुलामांची नावे मात्र बहुतांशी कोठेही लिहिलेली नाहीत.